डबा वाजवा, ओळखा: डोहाळजेवणात सासर-माहेरच्या बायकांना बोलतं करणारा खेळ

खानदेशातल्या डोहाळजेवणात एक तास हमखास रिकामा जातो. झोपाळा फुलांनी सजलेला असतो, मुलगी हिरवी साडी नेसून फुलांचे दागिने घालून बसलेली असते, फोटोवाल्याचं अजून संपलेलं नसतं आणि स्वयंपाकाकडून "अजून अर्धा तास" असा निरोप आलेला असतो. माहेरची मंडळी पारोळ्याहून किंवा शहाद्याहून गाडी करून आलेली, ती दाराजवळच्या सतरंजीवर दाटीवाटीनं बसते. सासरच्या बायका कूलरच्या बाजूला. मधे पाच फूट जागा मोकळी. कोणीतरी "चहा झाला ना?" विचारतं, समोरून "हो, झाला" येतं आणि बोलणं तिथंच थांबतं. मग सगळ्या मोबाइल काढतात.

हा तास भरून काढायला एक साधा खेळ पुरतो. मात्र इंटरनेटवर डोहाळजेवणाचे म्हणून जे खेळ दाखवतात, त्यातले बरेचसे आपल्याकडे जमत नाहीत. चिठ्ठीवर दहा प्रश्नांची उत्तरं लिहा म्हटलं की चष्मा घरी राहिलेल्या आणि लिहायची सवय सुटलेल्या आज्या गप्प होतात. फुगा पोटाशी बांधून पळायला सांगितलं की नऊवारीतल्या काकू हसून बाजूला होतात. खेळणाऱ्या शेवटी चार कॉलेजच्या मुलीच उरतात आणि बाकीच्या प्रेक्षक होतात. म्हणजे ज्यांना बोलतं करायचं होतं, त्या बसल्या जागीच राहतात.

खेळ निवडताना मी तीनच गोष्टी बघते. बसल्या जागी खेळता आला पाहिजे, लिहावं लागता कामा नये, आणि वयानं मोठ्या बाईला त्यात फायदा मिळाला पाहिजे. शेवटची अट सगळ्यात महत्त्वाची. आजी जिंकायला लागली की अख्खा मंडप जागा होतो.

असा खेळ शोधायला लांब जावं लागत नाही. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत खानदेशात आणि विदर्भात भुलाबाई बसते, म्हणजे मुली भुलाबाईची मूर्ती मांडून गाणी म्हणतात. गाणी झाली की बंद डब्यातला खाऊ वाजवून ओळखायचा असतो. गोड का तिखट, दाणेदार का पातळ, असं विचारत पोरी शेवटी उत्तरापर्यंत पोचतात. पन्नाशीच्या पुढच्या बहुतेक खानदेशी बायकांनी लहानपणी हे केलंय. डोहाळजेवणात डबा हातात दिला की नियम समजावून सांगायची गरजच पडत नाही. डबा कानाशी जातो आणि "यामा काय शे?" आपोआप तोंडातून निघतं.

आधी काय टाळायचं

पेढा-बर्फीचा खेळ मी घेत नाही. दोन झाकलेल्या वाट्यांतली एक मुलीनं उचलायची, पेढा निघाला तर मुलगा आणि बर्फी निघाली तर मुलगी, ही गंमत पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे, आणि नुसत्या अंदाजाला कायद्यानं बंदी नाही हेही खरं. पण गर्भलिंग निदानाला बंदी घालणारा कायदा १९९४ साली झाला आणि त्यानंतर सतरा वर्षांनी, २०११ च्या जनगणनेत, जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे ८४२ मुली होत्या. ज्या जिल्ह्याचा आकडा असा आहे, तिथं बर्फी निघाल्यावर सासरच्या बाजूला क्षणभर जी शांतता पसरते ती त्या मुलीला ऐकू येते. सात महिन्यांची गर्भवती बाई ती ऐकायला झोपाळ्यावर बसलेली नसते. घरातल्या मोठ्यांना वाट्या हव्याच असतील तर प्रश्न बदला: बाळ रात्री कोणाला जागवणार, आजीला की आजोबांना? पेढा म्हणजे आजी, बर्फी म्हणजे आजोबा. वाट्याही राहतात आणि हसायलाही येतं.

सासर विरुद्ध माहेर असे दोन गटही पाडू नका. आयोजकांना हे सगळ्यात आधी सुचतं आणि सगळ्यात महागात पडतं. आपल्याकडे लग्नातल्या मानपानाचा हिशेब डोहाळजेवणापर्यंत मिटलेला असतोच असं नाही. त्यात विहीणबाईंचा गट हरला आणि कोणी जोरात टाळी वाजवली, तर ती टाळी बारशापर्यंत लक्षात राहते. गटांऐवजी जोड्या लावायच्या. प्रत्येक जोडीत एक सासरची, एक माहेरची. जिंकल्या तर दोघी, हरल्या तर दोघी.

आणि खेळातल्या कुठल्याही प्रश्नात "तुम्हाला मुलं किती", "तुमच्या वेळी काय झालं" हे येऊ देऊ नका. तीस बायकांत एखादीला मूल नसतं, एखादीचं गेलेलं असतं. हसतहसत विचारलेला प्रश्न तिला सगळ्यांसमोर उघडं पाडतो. नाव, गाव आणि नातं, एवढंच पुरे.

यजमानीण कोण

खेळ घेणारी बाई सासूबाई नको आणि मुलीची आईही नको. एकीचं लक्ष स्वयंपाकात असतं, दुसरीचं लेकीच्या चेहऱ्यावर. नणंद, मावसबहीण, शेजारची वहिनी अशी कोणी घ्या. दोन्हीकडच्या निदान निम्म्या बायकांना ती नावानं नाही तर नात्यानं तरी हाक मारू शकली पाहिजे. "ओ ताई, तुम्ही" म्हणून बोलावणं आणि "जिजी, आता तुमची पाळी" म्हणणं यात बराच फरक पडतो. माहेरच्या बायकांची नाती माहीत नसतील तर आदल्या दिवशी मुलीलाच फोन करून विचारा: फुई म्हणजे आत्या कोण, मोठी मावशी कोण, कोणाला कमी ऐकू येतं, कोणाला खाली बसता येत नाही. दहा मिनिटांचा हा फोन अर्धी तयारी आहे.

मदतीला दहा ते चौदा वयाच्या पाच मुली लागतात. भाच्या, पुतण्या कोणीही चालतील. लिहिण्याचं काम त्यांचं.

डबे

सहा स्टीलचे डबे घ्या, पाव किलोच्या मापाचे, एकाच सेटमधले. सहा घरांतून सहा वेगवेगळे डबे आणले तर पत्र्याची जाडी बदलते आणि त्यासोबत आवाजही. प्लॅस्टिकचे नकोत, आवाज दबतो. झाकण घट्ट बसलं पाहिजे. वरून चिकटपट्टी फिरवा, कारण सहाव्या-सातव्या हातात डबा गेला की कोणीतरी झाकण हळूच उचलून बघतंच. प्रत्येक डब्यावर मोठा आकडा चिकटवा.

भरताना एकच पथ्य: डबा तिसरा हिस्सा भरायचा. काठोकाठ भरलेला डबा वाजत नाही, आणि चार दाणे टाकले तर सगळंच खडखडतं.

आत काय घालायचं यात खरी मजा आहे, तिथं वेळ द्या. बाळंतिणीच्या खाण्याशी आणि बाळाशी नातं असलेल्या वस्तू घेतल्या की डबा उघडल्यावर आपोआप बोलणं सुरू होतं, म्हणून मी याच घेते.

पहिल्या डब्यात मेथीदाणे. आवाज बारीक, कोरडा, सरसर असा. बहुतेक जणी ज्वारी किंवा बाजरी म्हणतात. मेथीचे लाडू वळलेली बाई मात्र दोनदा हलवून गप्प होते आणि तिसऱ्यांदा "हाई ते मेथी शे" म्हणून डबा पुढं सरकवते.

दुसऱ्यात खारका. जाड ठोकळे आदळल्यासारखा आवाज येतो. हळकुंड, सुपारी, अक्खे बदाम, असे सगळे अंदाज येतील. खारका मोजून घाला आणि आकडा स्वतःजवळ लिहून ठेवा. बरोबरी झाली तर तो कामी येतो.

तिसऱ्यात कच्चा डिंक. काचेचे खडे असावेत तसा आवाज. खडीसाखर हे उत्तर इतक्या वेळा येतं की डबा उघडल्यावर हशा ठरलेला. दोन्हींतला फरक आवाजावरून सांगणं अवघडच आहे, म्हणून खडीसाखर म्हणणाऱ्यांनाही अर्धा गुण द्यायला हरकत नाही.

चौथ्यात गोडंबी. बिब्याच्या बीमधला हा गर डिंकाच्या लाडवात पडतो आणि आपल्याकडच्या बाजारात सहज मिळतो. आवाज हलका, मऊ, जवळजवळ लाकडी. शहरातल्या मुलींना तो ओळखू येत नाही. सातपुड्याच्या पायथ्याकडच्या, यावल-चोपड्याच्या किंवा शिरपूरकडच्या आज्यांना येण्याची शक्यता जास्त. गोडंबी दुकानातली साफ केलेलीच घ्या. बिब्याचं तेल कातडीला लागलं तर भाजल्यासारखं होतं, तेव्हा घरी फोडायच्या फंदात या दिवशी पडू नका.

पाचव्यात कुरडईचे मोडके तुकडे. बाळंतपणाशी संबंध नाही, पण उन्हाळ्यात वाळवणं घातलेल्या प्रत्येक घरात डब्याच्या तळाशी हा चुरा पडून असतोच आणि ओळखणारी बाई आवाज ऐकून आधी हसते. बिबड्यांचे, म्हणजे ज्वारीच्या पापडांचे, तुकडेही चालतात. फार जोरात हलवलं की पीठ होतं, म्हणून थोडा चुरा जवळ जादा ठेवा.

सहावा डबा वाजत नाही. त्यात धुतलेलं, मऊ पडलेलं एक जुनं झबलं घडी करून ठेवायचं. डबा हलवला तरी काही नाही, कानाशी धरला तरी काही नाही. "रिकामा आहे", "कापूस आहे", "यात कायबी नाही, आपल्याला बनवतायत" असं सगळं ऐकायला मिळेल. मात्र झबलं ठेवण्याआधी घरातल्या ज्येष्ठ बाईला विचारा. काही घरांत बाळाच्या आधी बाळाचे कपडे आणत नाहीत, काढतही नाहीत. तसं असेल तर वाद न घालता झबल्याऐवजी आपल्या शेतातला सरकी काढलेला कापूस ठेवा. तोही तितकाच मुका असतो.

दोन वस्तू टाळा. चांदीचे वाळे आवाजाला छान, पण सहा डबे तीस हातांतून फिरताना मौल्यवान काही आत नको. घुंगरू हवेच असतील तर जुन्या पैंजणाचे घ्या. आणि दुपट्याच्या पिना नकोत, भोवती रांगणारी पोरं असतात. अळीव आणि खसखस यांचाही उपयोग नाही, दोन्ही वाळूसारखेच वाजतात आणि त्यात ओळखण्यासारखं काही उरत नाही.

आदल्या रात्री घरातल्या कोणालाही डबे वाजवायला द्या. सहापैकी दोन-तीन ओळखता आले तर खेळ बरोबर जमलाय. सगळे ओळखले तर एखादा अवघड करा, एकही नाही आला तर एकात फुटाणे घाला.

जोड्या लावण्यासाठी पुड्या

दारात हळदीकुंकू लावताना प्रत्येकीच्या हातात एक कागदाची छोटी पुडी द्यायची. आत चिमूटभर धान्य. तीस बायका असतील तर पंधरा प्रकार लागतात: दादर (आपली देशी ज्वारी), बाजरी, गहू, मका, तूर, उडीद, मूग, मठ (मटकी), चवळी, हरभरा, शेंगदाणे, तीळ, सोयाबीन, मेथी, धणे. प्रत्येकाच्या दोन पुड्या. एक पुडी सासरच्या ताटात, दुसरी माहेरच्या ताटात. दारात दोन मुली दोन ताटं घेऊन उभ्या राहतील. आपल्यासारखीच पुडी समोरच्या बाजूला कोणाकडे आहे ते शोधायचं आणि तिच्याशेजारी जाऊन बसायचं.

इथं एक खोडी आवर्जून करा. दादर ज्वारीच्या दोन पुड्यांबरोबर हायब्रीड ज्वारीच्याही दोन ठेवा, म्हणजे एखादं दुसरं धान्य कमी करून. सुरत-पुण्याकडून आलेल्या मुली ज्वारी म्हणजे ज्वारी समजून भलत्याच बाईशेजारी जाऊन बसतात. मग कुठलीतरी आजी तिची पुडी तळहातावर ओतून घेते, दाणा नखानं दाबून बघते आणि "हाई दादर नही शे" म्हणून परत पाठवते. दादर कुठली, भाकरी कशाची गोड लागते, यंदा कोणाकडे किती पिकली, हे बोलणं इथं सुरू झालं की खेळाचं निम्मं काम झालं.

ज्यांना उठता-बसता त्रास होतो त्यांची जोडीदारीण त्यांच्याकडे येईल, त्यांनी उठायचं नाही. हे आधीच मोठ्यानं सांगा. दोन्ही बाजूंची संख्या सारखी क्वचितच येते. माहेरच्या बारा आणि सासरच्या अठरा असतील तर सासरच्या तिघींना माहेरच्या ताटातल्या पुड्या द्या. एकटी उरलेल्या बाईला झोपाळ्यावरच्या मुलीची जोडीदारीण करा. तो मान कोणी नाकारत नाही.

या खेळात सगळ्या येतात, हे लक्षात ठेवा. ओटी कोणी भरायची याचे जे नियम घराघरांत असतील ते असोत, पण पुडी दारातून आत येणाऱ्या प्रत्येक बाईच्या हातात पडली पाहिजे. विधवा आत्या मागच्या ओळीत भिंतीला टेकून बसलेली असते आणि तिला कोणी बोलावत नाही, हे आपण सगळ्यांनी पाहिलंय. तिच्या हातात उडदाची पुडी असली की तिला शोधत कोणीतरी मागच्या ओळीपर्यंत येतंच.

खेळ कधी घ्यायचा

ओटी भरून झाल्यावर आणि पंगतीच्या आधी. जेवणानंतर घेऊ नका. वरण-बट्टी आणि वांग्याची भाजी खाल्लेल्या माणसाकडून ओळख-पाळख होत नाही, झोप येते. शेवेची भाजी असेल तर पाण्यासाठीच निम्म्या उठतात.

मे महिन्यात जळगाव-भुसावळला पारा पंचेचाळिशीच्या घरात जातो. त्या दिवसांत कार्यक्रमच संध्याकाळी साडेपाचनंतर ठेवा. कूलर चालू असला की डब्याचा आवाज ऐकू येत नाही, हा खेळातला मोठा अडथळा. डबे फिरतात तेवढी सात मिनिटं कूलर बंद ठेवून पंखे हळू चालवा आणि मुलीच्या बाजूचा पंखा तसाच राहू द्या.

मुलीला पाटावर बसवू नका. पाठीला टेकू असलेली खुर्ची किंवा झोपाळा, पायाखाली छोटा स्टूल, हाताशी पाणी. सातव्या महिन्यात पाय सुजतात आणि एका जागी फार वेळ बसवत नाही. ती खेळात सगळ्यात शेवटी येते, तोवर तिनं मजा बघायची. तिला काही चाखायला, वास घ्यायला लावू नका. ज्या बाईला फोडणीच्या वासानं अजून मळमळतं, तिच्या नाकाशी हिंग नेण्यात गंमत नाही.

प्रत्यक्ष खेळ

सुरुवातीला भाषण नको. जोड्या बसल्या की यजमानणीनं पहिला डबा वर धरून दोनदा वाजवायचा आणि थांबायचं. सगळ्यांच्या माना वळतात. मग सांगायचं:

"मावश्यांनो, वहिन्यांनो, भुलाबाईचा खाऊ ओळखायची आठवण आहे ना? तोच खेळ. डबा हातात आला की दोघींनी वाजवायचा, एकमेकींशी हळू बोलायचं आणि एकच उत्तर या पोरींच्या कानात सांगायचं. मोठ्यानं बोलेल तिचा डबा पुढं. पण त्याआधी जोडीदारणीची ओळख करून द्यायची. स्वतःची नाही, शेजारणीची."

शेजारणीची ओळख, ही या खेळाची खरी किल्ली. स्वतःबद्दल बोलायला आपल्या बायका लाजतात, विशेषतः सासूसमोर सुना. दुसरीबद्दल सांगायचं म्हटलं की आधी तिला विचारावं लागतं. जोड्यांना दोन मिनिटं द्या. नाव काय, गाव कुठलं, हिच्या तुम्ही कोण. मग एकेका जोडीनं सांगायचं: "ह्या आशाकाकू, धरणगावच्या. हिच्या सासऱ्यांच्या चुलतबहीण. यांच्या हातची फौजदारी डाळ लई भारी असते असं त्याच म्हणतात." एकीला पंधरा सेकंद धरले तरी तीस जणींचं साडेसात मिनिटांत आटोपतं. कोणी लांबवायला लागली तर यजमानणीनं डबा हळूच वाजवायचा. तो इशारा सगळ्यांना कळतो आणि कोणाला लागतही नाही.

ओळखीच्या या फेरीत नात्यातली नाती निघतात, ती निघू द्या. खानदेशात दोन गावांतल्या तीस बायका बसल्या आणि त्यात कोणाची कोणी निघाली नाही, असं सहसा होत नाही. "म्हणजे तुम्ही आमच्या अमळनेरच्या मामींच्या भाची का?" हे ऐकू आलं की दोन मिनिटं खेळ थांबला तरी चालेल.

आता डबे. पहिला डबा पहिल्या जोडीला द्या. वीस सेकंद झाले की "पुढं" म्हणा आणि त्याच वेळी दुसरा डबा पहिल्या जोडीला द्या. असे सहाही डबे एकामागून एक सोडायचे. पंधरा जोड्यांतून सहावा डबा शेवटच्या जोडीपर्यंत पोचायला वीस पाळ्या लागतात, म्हणजे सात मिनिटांच्या आत सगळ्यांचं होतं. एकच डबा आधी सगळीकडे फिरवून मग दुसरा काढला तर अर्धा तास जातो आणि ज्यांच्या हातात डबा नाही त्या पुन्हा मोबाइल काढतात.

प्रत्येक मुलीकडे तीन जोड्या. ती वहीत डब्याचा आकडा आणि कानात सांगितलेलं उत्तर लिहिते. आजीनं अहिराणीत किंवा लेवा बोलीत जे सांगितलं तेच लिहायचं, सुधारायचं नाही.

डबे उघडताना

सोप्यापासून अवघडाकडे जा. मेथी, खारका, कुरडई, डिंक, गोडंबी, शेवटी झबलं. उघडण्याआधी चार-पाच उत्तरं मोठ्यानं वाचा. चुकलेली उत्तरं वाचताना नावं घेऊ नका, बरोबर आलेल्यांची मात्र घ्या. बरोबर उत्तराला जोडीला एक चिंचोका. कागदावरच्या गुणांपेक्षा हातातला चिंचोका दिसतो आणि मोजायलाही सोपा.

प्रत्येक डब्यावर मिनिटभर थांबा. खारकेचा डबा उघडला की विचारा: "बाळंतिणीला खारीक कशात देता तुमच्याकडे?" कोणी पावडर करून दुधात म्हणेल, कोणी लाडवात. गोडंबी कोणाला आली असेल तर तिला दोन वाक्यं बोलू द्या. सगळ्यांत कमी बोलणारी बाई इथंच बोलते असं दिसतं, कारण तिला जे माहीत आहे ते विचारलं गेलेलं असतं. सल्ल्यांची झड लागली तर मात्र आवरा. मुलीनं काय खायचं, काय नाही, हे तिची डॉक्टर ठरवेल. कोणाला गरोदरपणात साखर निघालेली असते, कोणाला रक्तदाब असतो, आणि पंधरा मावश्यांचे पंधरा उपाय ऐकून ती पोर घाबरून जाते. "लाडू बाळ आल्यावर, आता पुढचा डबा" एवढं म्हणून पुढं सरकायचं.

सहावा डबा मुलीच्या हातात द्या. तिनंच चिकटपट्टी काढायची आणि तिनंच उघडायचा. त्या वेळी फोटोवाला जागेवर आहे का, ते बघून ठेवा.

बरोबरी झाली तर विचारा: दुसऱ्या डब्यात खारका किती? जवळचा आकडा सांगेल ती जोडी जिंकली.

बक्षीस दोन सारख्याच वस्तूंचं. पैसे नकोत, साड्याही नकोत. साडी आली की परत देणं-घेणं आलं. बिबड्यांची पाकिटं, केळीचे वेफर्स, कापडी पिशव्या, थंडीत मेहरुणची बोरं मिळाली तर फारच छान. मेथी, डिंक, गोडंबी आणि खारका त्याच जोडीला वाटून द्यायची पद्धत मला आवडते. भुलाबाईतही ओळखून झालेला खाऊ वाटूनच खातात.

अडचणी येतातच

एखादी काकू पहिल्या झटक्यात मोठ्यानं "मेथी!" ओरडते. तिला रागावू नका, तिला परीक्षक करा. डबे उघडायचं काम तिच्याकडे द्या, ती खूश आणि उत्तरं सुरक्षित. जिला कमी ऐकू येतं तिला डबा हातात घेऊन वजनावरून आणि बोटांना जाणवणाऱ्या कंपावरून ओळखू द्या. जोडीदारीण कान, ती हात. सासूबाई स्वयंपाकघरातून बाहेर येत नसतील तर त्यांच्या नावाची पुडी त्यांच्या जोडीदारणीलाच आत घेऊन जायला सांगा. अनेकदा सासूबाई तिला घेऊनच बाहेर येतात, आणि नाही आल्या तर माहेरची एक बाई सासरच्या स्वयंपाकघरात पोचली, हेही काही कमी नाही.

घर लहान आणि बायका दहा-बाराच असतील तर तीनच डबे घ्या आणि लिहिणाऱ्या मुलींना सुट्टी द्या. उत्तरं सरळ तोंडी. कार्यालयात ऐंशी-शंभर बायका असतील तर सगळ्यांना एका खेळात ओढू नका. माइकवर डबा वाजवला की सगळे डबे सारखेच खरखरतात, त्यामुळे ती वाट बंदच. त्याऐवजी तीस-तीसचे तीन गोल करा, प्रत्येक गोलाला एक यजमानीण आणि सहा डबे. अठरा डबे लागतात, आणि सहावा डबा मुलीनं उघडायचा तो तिन्ही गोलांतला मिळून एकच.

पंगत बसताना जोड्या मोडू देऊ नका. पानं मांडणाऱ्यांना आधीच सांगून ठेवा की आज बायका पुड्यांप्रमाणे बसणार. पुडी अजून हातात असतेच. वाढणारीनं "तूर कुठंय, उडीद कुठंय" असं विचारत वाढलं की सासरची कोण आणि माहेरची कोण, हे पंगतीत कोणाला सांगता येत नाही.

शेवटचं काम डब्यांचं. आपल्याकडे भांड्यांवर नावं कोरलेली असतात, ती आधी वाचून ठेवा. ज्या घरचा सेट आहे तिथं सहाही डबे झाकणांसकट त्याच रात्री पोचवा. झाकणांची अदलाबदल झाली तर ती घट्ट बसत नाहीत आणि पुढच्या डोहाळजेवणाला ते डबे कोणी देणार नाही.